विल्यम शॅलर्ट : चेहरा ओळखीचा, नाव आठवत नाही

ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर स्टार ट्रेक लागायचं ते ज्यांना आठवतंय, त्यांना कदाचित तो केसाळ गोळ्यांचा एपिसोडही आठवत असेल. ट्रिबल नावाचे ते गोळे, हातात घेतले की मांजरासारखे घुरघुरतात, मिळेल ते खातात आणि पिल्लं घालत सुटतात, आणि शेवटी अंतराळयानाचा कॅप्टन कर्क धान्याच्या कोठाराचं झाकण उघडतो तर ते शेकड्याने त्याच्या डोक्यावर कोसळतात. २९ डिसेंबर १९६७ ला अमेरिकेत पहिल्यांदा दाखवलेला हा एपिसोड. त्यात एक सरकारी अधिकारी आहे, निल्झ बॅरिस, शेतीखात्याचा. बघताक्षणी नकोसा वाटतो. सतत चिडचिड, ‘माझं धान्य सुरक्षित आहे का’ हा एकच धोशा, कर्कने फक्त दोन पहारेकरी दिले म्हणून तक्रार. आपण कर्कच्या बाजूने असतो त्यामुळे आपल्यालाही वाटतं काय कटकट आहे या माणसाची.

पण एपिसोड संपताना कळतं की धान्यात खरंच विष कालवलेलं होतं, शत्रूचा हेर खरंच त्या अंतराळ स्टेशनवर होता, आणि तो होता बॅरिसचाच असिस्टंट. म्हणजे भीती खरी होती, संशय फक्त भलत्याच माणसावर घेतला होता. हा रोल कुणी नुसता हसवायला म्हणून केला असता ना तर अख्खी गोष्ट पोकळ झाली असती. ज्याने केला त्याने तो अशा माणसासारखा केलाय की ज्याला आतून माहितीय आपलं बरोबर आहे आणि इथे कुणी ऐकत नाहीये. आपण सगळ्यांनीच असा माणूस कुठल्या ना कुठल्या ऑफिसात पाहिलेला असतो.

हा नट म्हणजे विल्यम शॅलर्ट. त्याचं नाव मला कित्येक वर्षं माहीत नव्हतं, चेहरा मात्र पाठ होता. २०२० च्या लॉकडाऊनमध्ये दूरदर्शनवर रामायण परत लागलं तेव्हा घरात सगळे एकत्र बसून बघत होतो आणि माझ्या डोक्यात एकच विचार घोळत राहिला, की यातले जे दोन-दोन मिनिटांचे रोल करणारे लोक आहेत, कुणी मंत्री, कुणी दूत, कुणी ऋषी, त्यांना या रिपीटचं काही मिळत असेल का. तिथून वाचता वाचता मी अमेरिकेतल्या टीव्हीच्या नटांपर्यंत पोचलो आणि शॅलर्टवर येऊन थांबलो. कारण हा प्रश्न त्याच्या करिअरमध्ये जितका स्वच्छ दिसतो तितका मला दुसऱ्या कुणाच्या करिअरमध्ये दिसला नाही.

तर प्रकरण असं आहे. एक माणूस, जन्म ६ जुलै १९२२, लॉस एंजेलिस. चाळीसच्या दशकाच्या शेवटापासून २०१४ पर्यंत, म्हणजे नव्वदी ओलांडल्यावरही काम करत राहिला. सिनेमे आणि टीव्ही धरून साडेतीनशेच्या वर कामं. स्टार कधीच झाला नाही, त्याच्या एकट्याच्या नावावर तिकीट विकलं गेलं असा एकही सिनेमा नाही. तरी पासष्ट वर्षांहून जास्त काळ त्याने या धंद्यावर घर चालवलं, चार मुलगे वाढवले. ज्या धंद्यात भल्याभल्यांना पाच वर्षांनंतर कुणी विचारत नाही तिथे हे कसं जमलं? नुसत्या अभिनयावर जमलं का? माझं मत आहे की नाही, आणि ते का नाही हेच मला इथे मांडायचंय.

आधी थोडं घरचं. वडील एडविन शॅलर्ट हे लॉस एंजेलिस टाइम्सचे नाटक-सिनेमाचे संपादक, आई एल्झा सिनेमाच्या मासिकांत लिहायची आणि रेडिओवर कार्यक्रम करायची. म्हणजे सिनेमावाले लोक याला लहानपणापासून माहीत. पण वडील समीक्षक असण्याचा फायदा फार लांब जात नाही, फार तर पहिलं दार उघडतं, आत टिकायचं ते आपलं आपणच. यूसीएलए विद्यापीठात शिकत होता, मध्येच दुसरं महायुद्ध, हा आर्मी एअर कोअरमध्ये पायलट झाला, परत येऊन डिग्री पूर्ण केली. मग मित्रांबरोबर हॉलिवूडमध्ये सर्कल थिएटर नावाचं छोटं नाटकघर उभं केलं. त्या ग्रुपमध्ये चार्ली चॅप्लिनचा मुलगा सिडनी होता, त्यामुळे १९४८ मध्ये खुद्द चॅप्लिनने तिथे एक नाटक बसवलं आणि त्यात शॅलर्टला काम मिळालं. चॅप्लिनसारखा माणूस समोर उभा राहून सांगतोय की इथे वळ, इथे थांब, ही शिदोरी जन्मभर पुरणारी. १९५२ मध्ये फुलब्राइट शिष्यवृत्ती मिळवून इंग्लंडला गेला, तिथल्या रेपर्टरी थिएटरचा, म्हणजे एकाच नटसंचाने एकामागून एक नाटकं करण्याच्या पद्धतीचा, अभ्यास करायला. म्हणजे ज्याला आपण ‘सिरियलमधला नट’ म्हणून एका शब्दात गुंडाळतो त्याची बैठक अशी होती.

परत आल्यावर जे सुरू झालं ते पडेल ते काम. आणि इथे त्या काळचा अमेरिकन टीव्ही समजून घ्यायला हवा, नाहीतर हे आकडे खोटे वाटतात. पन्नासच्या दशकाच्या मध्यापासून टीव्हीचं काम न्यूयॉर्कच्या लाइव्ह स्टुडिओतून लॉस एंजेलिसला, फिल्मवर, सरकलं. एका सीझनला ३९ एपिसोड असायचे, अर्ध्या तासाचा एपिसोड तीनेक दिवसांत उरकायचा, आणि अशा डझनावारी सिरियल्स एकाच वेळी चालू. प्रत्येक एपिसोडला एक डॉक्टर लागतो, एक बँकेचा मॅनेजर, एक शेरीफचा माणूस, एक पाद्री, एक हॉटेलातला क्लार्क. हे सगळे दोन-तीन दिवसांसाठी येणार, डायलॉग पाठ करून येणार, पहिल्या-दुसऱ्या टेकला ओके देणार आणि जाणार. कास्टिंग डायरेक्टरला इथे मोठा कलाकार नको असतो, असा माणूस हवा असतो की ज्याचं टेन्शन घ्यावं लागत नाही.

शॅलर्ट तो माणूस होता. गनस्मोक, मॅव्हरिक, पेरी मेसन, डिक व्हॅन डाइक शो, मिशन इम्पॉसिबल, कुठलीही त्या काळची सिरियल काढा, हा कुठेतरी येऊन जातो. वाइल्ड वाइल्ड वेस्टमधला एक मुख्य नट हृदयविकारामुळे सुट्टीवर गेला तेव्हा काही एपिसोडपुरती जी तात्पुरती माणसं आणली त्यातही हा होता. गेट स्मार्टमध्ये तर चाळिशीत असताना हेरखात्याच्या जख्ख म्हाताऱ्या माजी प्रमुखाचा रोल. आणि सत्तरच्या दशकात पॉप-टार्ट्स नावाच्या, टोस्टरमध्ये गरम करायच्या खाऊच्या जाहिरातीत एका बोलणाऱ्या टोस्टरचा, मिल्टनचा, आवाज. चॅप्लिनच्या हाताखाली काम केलेला, इंग्लंडात रंगभूमीचा अभ्यास केलेला नट टोस्टरचा आवाज देतो, आणि मला यात काहीही कमीपणाचं वाटत नाही. काम आलं, ते मन लावून केलं, चेक घरी आला. त्याने कुठल्याही एका प्रकारचा शिक्का स्वतःवर बसू दिला नाही आणि मला वाटतं ही त्याची सगळ्यात शहाणपणाची गोष्ट.

पण पाट्या टाकल्या का? अजिबात नाही. दोन सिनेमे सांगतो. १९५७ चा आकसत जाणाऱ्या माणसाचा सिनेमा आहे ना, इनक्रेडिबल श्रिंकिंग मॅन, त्यात हिरो पहिल्यांदा ज्या डॉक्टरकडे जातो तो शॅलर्ट. हिरो म्हणतो माझी उंची कमी होतेय, डॉक्टर समजावतो की असं होत नसतं, मोजण्यात फरक पडतो. इतकं आश्वासक बोलतो की आपलाही जीव भांड्यात पडतो. आणि पुढे एक्सरे समोर ठेवून तोच डॉक्टर जेव्हा कबूल करतो की होय, तुम्ही लहान होताय, तेव्हा पोटात खड्डा पडतो. हा खड्डा पडतो तो पहिल्या सीनमुळे. आधी त्याच्यावर आपला विश्वास बसला नसता तर दुसरा सीन फुकट गेला असता.

दुसरा, इन द हीट ऑफ द नाइट, १९६७, त्या वर्षीचा बेस्ट पिक्चरचा ऑस्कर. मिसिसिपीतलं गाव, सिडनी पॉटिए काळा डिटेक्टिव्ह टिब्स, रॉड स्टायगर गोरा पोलीस चीफ. शॅलर्ट गावचा मेयर. गावातल्या बड्या जमीनदाराने टिब्सला थोबाडीत मारली आणि टिब्सने तिथल्या तिथे उलट मारली, तो प्रसिद्ध सीन, त्याच्यानंतर मेयर चीफला म्हणतो की आधीचा चीफ असता तर त्याने टिब्सला त्याच क्षणी गोळी घातली असती आणि स्वसंरक्षण म्हणून दाखवलं असतं. मेयर हे ओरडत नाही, धमकी म्हणूनही म्हणत नाही, पाऊस आला असता म्हणावं तितक्या साधेपणाने म्हणतो. त्या गावात हे किती नेहमीचं होतं ते त्या एका वाक्यात कळतं. शॅलर्टच्या वाट्याला त्या सिनेमात मोजून काही मिनिटं आहेत पण तो सीन मी विसरू शकलो नाही.

आता मुख्य मुद्द्याकडे. १९६३ मध्ये त्याला द पॅटी ड्यूक शो मिळाला. एबीसी चॅनल, तीन सीझन, शंभराच्या वर एपिसोड. पॅटी ड्यूक तेव्हा सोळा वर्षांची, नुकताच ऑस्कर घेतलेली, आणि ती डबल रोलमध्ये, एकसारख्या दिसणाऱ्या दोन चुलत बहिणी. या बहिणी एकसारख्या का, तर त्यांचे वडील जुळे भाऊ. त्यामुळे शॅलर्टलाही डबल रोल, पॅटीचा बाप मार्टिन लेन आणि गरज पडेल तेव्हा त्याचा भाऊ केनेथ. मार्टिन हा न्यूयॉर्कच्या एका पेपरचा संपादक, ब्रुकलिन हाइट्समध्ये राहणारा. पहिली दोन वर्षं शूटिंग न्यूयॉर्कला केलं, कारण कॅलिफोर्नियात अल्पवयीन कलाकारांच्या कामाच्या तासांचे नियम जास्त कडक होते, आणि पॅटी अठराची झाल्यावर सगळं लॉस एंजेलिसला हलवलं. मार्टिन लेन म्हणजे संयमी, जरा थकलेला, पोरीचे उपद्व्याप बघून कपाळाला हात लावणारा पण घरी आल्यावर पेपर बाजूला ठेवून ऐकून घेणारा बाप. अमेरिकेतली एक अख्खी पिढी याला ‘टीव्हीवरचा बाबा’ म्हणून ओळखते.

मग चौदा वर्षांनी, १९७७ मध्ये, त्याला हार्डी बॉइज आणि नॅन्सी ड्रूच्या सिरियलमध्ये परत बापाचाच रोल मिळाला, नॅन्सीचा वकील बाप कार्सन ड्रू. तोच माणूस, तसाच समजूतदार बाप, तसाच हुशार आणि आगाऊ पोरीबरोबरचा संसार. कामात फरक शून्य. आणि तरी या दोन कामांमध्ये पैशाच्या दृष्टीने जमीन-अस्मानाचा फरक आहे, कारण मध्ये १९७४ साल आलं.

अमेरिकेत टीव्हीवर काही रिपीट दाखवलं की त्यातल्या नटाला पुन्हा पैसे द्यावे लागतात, त्याला रेसिड्युअल म्हणतात. हे कुणी दयेपोटी दिलेलं नाही. नटांची युनियन, स्क्रीन ॲक्टर्स गिल्ड, १९३३ मध्ये स्थापन झाली, आणि टीव्ही आल्यावर पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीपासून तिने रिपीटच्या पैशांची तरतूद करारात आणली. तर्क सरळ होता. जुना एपिसोड परत लावला की त्या स्लॉटमध्ये नवीन एपिसोड बनत नाही, म्हणजे नटाचं जुनं कामच त्याच्या नव्या कामाच्या पोटावर पाय देतं, मग त्याची भरपाई हवी. पण सुरुवातीच्या करारांत एक मेख होती, ठरावीक वेळा रिपीट झालं की पैसे बंद. सिरियल पुढे पन्नास वर्षं का लागेना, नटाला एक डॉलर नाही. साठच्या दशकातल्या किती तरी गाजलेल्या सिरियल्स आजही कुठे ना कुठे लागतात आणि त्यातल्या नटांना त्या रिपीटचं काही मिळत नाही ते यामुळेच. पॅटी ड्यूक शो त्याच काळातला. १९७४ च्या करारात गिल्डने ही मर्यादा काढून घेतली, आता जोवर एपिसोड दाखवला जाईल तोवर पैसे. तेव्हा गिल्डचा अध्यक्ष होता डेनिस वीव्हर, गनस्मोकमधला लंगडा चेस्टर.

रक्कम फार मोठी नसते हेही सांगायला हवं. लोकल चॅनल्सना विकलेल्या एपिसोडला दुसऱ्या वेळेला किमान मानधनाच्या ४० टक्के, तिसऱ्या वेळेला ३०, मग काही वेळा २५, पुढे १५, १०, आणि तेराव्या वेळेपासून कायमचे ५ टक्के. म्हणजे एका एपिसोडचा चेक बघितला तर वाटेल यात काय येतंय. पण ज्याने शंभर ठिकाणी दोन-दोन दिवसांची कामं केलीत त्याच्यासाठी हे थेंब थेंब मिळून तळं होतं. स्टारला याची गरज नसते, त्याने आधीच भरपूर घेतलेले असतात. गरज असते ती या मधल्या फळीला, ज्यांना दोन महिने काम आणि चार महिने फोनची वाट, अशांना. कॅरेक्टर आर्टिस्टचं घर रेसिड्युअलवर टिकतं, आणि म्हणून मी वर म्हटलं की नुसत्या अभिनयावर हे जमलेलं नाही.

आणि शॅलर्टचं मोठेपण मला इथे वाटतं, की ज्या व्यवस्थेवर आपण उभे आहोत ती आपोआप उभी राहिलेली नाही हे त्याला कळत होतं. १९७९ मध्ये तो स्वतः गिल्डचा अध्यक्ष झाला. या खुर्चीवर त्याच्या आधी रोनाल्ड रेगन बसून गेला होता, १९६० चा संप त्याच्याच काळातला. तेव्हा सिनेमे टीव्हीला विकले जात होते आणि नटांना त्यात वाटा नव्हता. १९६० पासूनच्या सिनेमांसाठी वाटा मिळाला, पण त्याआधीच्या बारा वर्षांच्या सिनेमांवर पाणी सोडावं लागलं, त्याबदल्यात पेन्शन आणि आरोग्य योजनेसाठी २२.५ लाख डॉलर पदरात पडले. जुन्या नटांपैकी कित्येकांना शेवटपर्यंत वाटत राहिलं की आपल्याला विकलं.

शॅलर्टच्या वाट्याला आलेला प्रश्न तोच, फक्त मशीन नवीन. पे-टीव्ही, म्हणजे वेगळे पैसे भरून बघायचे चॅनल, आणि व्हिडिओ कॅसेट. स्टुडिओंचं म्हणणं की हा धंदा अजून रांगतोय, यात किती पैसा आहे कुणाला माहीत, आत्ता वाटा मागू नका. नटांचं म्हणणं की रांगतोय तेव्हाच बोलायला हवं, धावायला लागला की कोण ऐकणार. २१ जुलै १९८० ला संप सुरू झाला, गिल्डबरोबर टीव्ही-रेडिओ कलाकारांची अफ्ट्रा ही युनियनही होती. सगळी शूटिंग ठप्प. ७ सप्टेंबरला टीव्हीच्या एमी पुरस्कारांचा सोहळा होता, त्यावर नटांनी बहिष्कार टाकला, बक्षीस मिळालेल्यांपैकी एकटा पॉवर्स बूथ तिथे हजर राहिला. डॅलस या सिरियलमध्ये जे. आर.ला गोळी कुणी घातली या प्रश्नावर अख्खी अमेरिका लटकलेली होती, त्याचं उत्तर २१ नोव्हेंबरपर्यंत लांबलं, त्याला कारण हा संप. आणि याच महिन्यांत याच गिल्डचा जुना अध्यक्ष रेगन देशाच्या अध्यक्षपदाच्या प्रचारात फिरत होता आणि नोव्हेंबरमध्ये निवडून आला.

एरवी टीव्हीवर समजूतदार बाप करणारा माणूस तीन महिने चाललेल्या संपाचा चेहरा झाला. विचार करा, हजारो सभासद, त्यातले बहुतेक हातावर पोट असलेले. वेटरचं काम करणारा नट संप काळात वेटरच राहतो, पण ज्याला वर्षातून चार कामं मिळतात त्याची दोन बुडाली तर युनियनचा आरोग्य विमाही जातो, कारण त्यासाठी वर्षाला ठरावीक कमाई लागते. आणि दुसऱ्या बाजूला स्टुडिओ, ज्यांच्याकडे थांबायला वेळ आणि पैसा दोन्ही.

ऑक्टोबरमध्ये तोडगा निघाला. तीन वर्षांत मिळून मानधनात ३२.२५ टक्के वाढ. आणि खास पे-टीव्ही-कॅसेटसाठी बनवलेल्या कार्यक्रमांच्या एकूण कमाईतून ४.५ टक्के वाटा, पण तो कधी, तर पे-टीव्हीवर वर्षात दहा दिवस दाखवून झाल्यावर आणि कॅसेटच्या एक लाख प्रती खपल्यावर. ही अट बऱ्याच सभासदांना झोंबली. तीन महिने उपाशी राहिलो ते याच्यासाठी? लाखभर कॅसेट विकल्या जातील अशा किती गोष्टी आहेत? असा सूर होता. १९८१ च्या निवडणुकीत एड ॲस्नर उभा राहिला, जास्त आक्रमक, जास्त मोठं नाव, आणि शॅलर्ट हरला.

शॅलर्टचं चुकलं का? मी यावर बराच विचार केलाय. टक्का कमी होता हे खरं, आणि व्हिडिओचा धंदा पुढे जितका वाढला ते बघता नटांच्या हातून बरंच निसटलं हेही खरं. पण तत्त्व करारात शिरलं ही गोष्ट मला छोटी वाटत नाही, कारण एकदा कागदावर आलं की पुढच्या वेळी भांडण टक्क्यावर होतं, हक्क आहे की नाही यावर होत नाही. जी गोष्ट अजिबात नव्हती ती त्याने आणली आणि ती अपुरी आणली म्हणून त्याची खुर्ची गेली. त्याने त्यानंतर थयथयाट केला नाही, गिल्डचं काम सोडलं नाही, मोशन पिक्चर अँड टेलिव्हिजन फंडाचा ट्रस्टी म्हणून काम केलं, जिथे म्हातारे आणि आजारी कलाकार, तंत्रज्ञ यांची सोय बघितली जाते. त्याच्या काळात गिल्डमध्ये अपंग कलाकारांसाठी वेगळी समितीही सुरू झाली होती, त्या काळी व्हीलचेअरवरच्या माणसाचा रोलसुद्धा चालत्या-फिरत्या नटालाच मिळायचा. १९९३ मध्ये गिल्डने त्याला राल्फ मॉर्गन पुरस्कार दिला, सभासदांसाठी केलेल्या कामाबद्दलचा.

आणि एक गोष्ट जी मला फार आवडते. १९८५ मध्ये गिल्डच्या अध्यक्षपदी कोण निवडून आलं, तर पॅटी ड्यूक. टीव्हीवरचा बाप आणि टीव्हीवरची मुलगी, दोघंही चार वर्षांच्या अंतराने एकाच खुर्चीवर. जिच्या लहानपणीच्या कमाईवर तिच्या मॅनेजर जोडप्याने हात मारला होता अशी ती मुलगी. कलाकाराच्या पैशाला राखणदार लागतो हे तिला कुणी पुस्तकातून शिकवायची गरज नव्हती.

अध्यक्षपद गेल्यावर शॅलर्ट पुन्हा कामाला लागला, म्हणजे तो थांबलाच नव्हता. दिग्दर्शक जो डान्टे शॅलर्टला टीव्हीवर बघत वाढला होता, त्याने ट्वायलाइट झोन, ग्रेमलिन्स, इनरस्पेस, मॅटिने, एकामागून एक सिनेमांत याला घेतलं. १९९३ मध्ये स्टार ट्रेक डीप स्पेस नाइनमध्ये परग्रहावरच्या एका वादक कलावंताचा रोल. २००८ मध्ये ट्रू ब्लडमध्ये परत मेयर, चाळीस वर्षांनी. नसांच्या आजाराने पाय साथ देईनात तेव्हाही बसून करता येतील ते रोल करत राहिला. २०१४ च्या टू ब्रोक गर्ल्समधल्या कामानंतर थांबला.

या प्रकरणाची दुसरी बाजू दाखवायची तर जेफ्री ओवेन्सचं उदाहरण घ्यावं लागेल. कॉस्बी शोमधला जावई एल्विन, येलमधून शिकलेला, शेक्सपियर करणारा नट. शोच्या मुख्य कलाकारावरच्या आरोपांनंतर रिपीट बंद झाले, रेसिड्युअल आटले, आणि २०१८ मध्ये न्यू जर्सीतल्या एका दुकानात बिलं करताना त्याचा कुणीतरी फोटो काढला, तो जगभर फिरला. त्याने टीव्हीवर येऊन शांतपणे सांगितलं की कुठलंही काम दुसऱ्यापेक्षा हलकं नसतं. शेकडो नट त्याच्या बाजूने उभे राहिले, आपण कुठे कुठे नोकऱ्या केल्या ते सांगू लागले. ओवेन्स कमी गुणी होता म्हणून हे झालं का? नाही. त्याचा एकच मोठा नळ होता आणि तो बंद झाला. शॅलर्टचे साडेतीनशे छोटे नळ होते.

आणि आता ते छोटे नळही आटत चाललेत. स्ट्रीमिंगवर सीझनला आठ-दहा एपिसोड, रिपीट नावाचा प्रकारच नाही, सगळं कायम तिथेच पडलेलं. २०२३ च्या संपात नटांनी काही सेंटचे चेक लोकांना दाखवले. १४ जुलै ते ९ नोव्हेंबर, ११८ दिवस. तेव्हा युनियनचा आरोग्य विमा मिळायला वर्षाला साधारण २६,४७० डॉलरची कमाई लागत होती आणि बहुसंख्य सभासद तिथपर्यंत पोचत नव्हते. मागणी काय होती, तर नवीन मशीन आलंय, जुना करार त्याला लागू होत नाही, वाटा द्या. १९६०, १९८०, २०२३, तारखा बदला, पत्रक तेच वापरता येईल. आज एखादा पोरगा दोन मिनिटांचे रोल उत्तम करत असेल, वेळेवर येत असेल, पहिल्या टेकला ओके देत असेल, तरी त्याला शॅलर्टसारखं आयुष्य मिळेल असं मला वाटत नाही, आणि याचं मला मनापासून वाईट वाटतं.

पॅटी ड्यूक २९ मार्च २०१६ ला गेली. शॅलर्ट ८ मे २०१६ ला, पॅसिफिक पॅलिसेड्सच्या घरी, ९३ व्या वर्षी. मध्ये चाळीस दिवस. त्याची बायको लीया, तीही नटी, आदल्याच वर्षी गेली होती. रेसिड्युअलचा हक्क नटानंतर त्याच्या वारसांकडे जातो, त्यामुळे कार्सन ड्रू कुठल्याही चॅनलवर नॅन्सीला समजावताना दिसला की कराराप्रमाणे काही डॉलर त्या घराच्या नावाने निघायला हवेत. मार्टिन लेन ब्रुकलिनच्या घरात पेपर बाजूला ठेवून पॅटीचं ऐकून घेतो, त्याचे मात्र नाहीत.